काचेचे कापड आणि त्याचा भाव



गोदाकाठच्या या पटांगणावर वेदान्तापासून विमानविद्येपर्यंत कितीतरी विषयांचा ऊहापोह होत आला आहे. आमचा आजचा विषय त्या मानाने अगदी बाजारातला आहे. काचेचे कापड म्हणजे काय, ते कोठून येते, आणि त्याचा भाव कोण ठरवतो, एवढेच आम्ही आज सांगणार आहोत. पण बाजारातल्या विषयाला कमी लेखू नये. माणसाच्या संसाराचा बराचसा भाग बाजारातच ठरत असतो.

नाशिककरांना भावाची भाषा शिकवण्याची गरज नाही. लासलगावला आज कांदा काय भावाने गेला, हे संध्याकाळपर्यंत जिल्ह्यातील शेंबड्या पोरालाही ठाऊक असते. पिंपळगावच्या टोमॅटोचे तेच, द्राक्षांचे तेच. कापडाच्या बाबतीतही आपला जिल्हा अडाणी नाही. येवल्याला पैठणी विणली जाते, मालेगावात यंत्रमागांचा खडखडाट रात्रंदिवस चालतो. सूत किती नंबरचे, पन्ना किती, वीण कशी, यावरून कापडाची किंमत सांगणारी माणसे याच श्रोतृवर्गात बसलेली असतील. असे असताना एक कापड मात्र असे आहे की, जे आपल्या चहूकडे आहे आणि ज्याचा भाव आपल्यापैकी जवळजवळ कोणालाच ठाऊक नाही. ते हे काचेचे कापड.

आपण म्हणाल, आम्ही तर ते कधी पाहिलेही नाही. पाहिले आहे, पण ते राळेत बुडून कडक झाल्यावर पाहिले आहे. कारखान्यातील आम्लाची टाकी, बसच्या तोंडाकडचा गोलाकार भाग, गोदामाच्या छपरातून उजेड आत सोडणारे पत्रे, देखाव्यातील हत्ती-घोडे, समुद्रावरच्या होड्या, पवनचक्कीची लांबलचक पाती, या सर्वांच्या पोटात काचेचे तंतू आहेत. लोक त्या सगळ्याला नुसते ‘फायबर’ म्हणतात. सातपूर आणि अंबडच्या वसाहतींत विजेची उपकरणे बनतात. त्यांतील निरोधक तक्ते आणि नळ्या बहुधा याच कापडाच्या. आपल्या खिशातील मोबाइलमध्ये ज्या हिरव्या पाटीवर सगळे भाग डकवलेले असतात, ती पाटीही काचकापडाचीच. १९६४ साली ओझरला विमानांचा कारखाना उभा राहिला. विमानाच्या नाकावर रडारचे जे टोपण असते, त्यालाही काचतंतूंचाच आधार असतो, कारण धातूतून रडारच्या लहरी जात नाहीत आणि काचेतून जातात.

काच ही ठिसूळ वस्तू. तिचे कापड कसे व्हावे? काच जाड असली म्हणजे मोडते. केसाहून बारीक ओढली म्हणजे वाकते. हे फार पूर्वीपासून कारागिरांना माहीत होते. १८९३ साली शिकागोच्या जागतिक प्रदर्शनात एडवर्ड लिबी या काचकारखानदाराने काच आणि रेशीम एकत्र विणून केलेला एक झगा मांडला होता. लोकांनी तो डोळे विस्फारून पाहिला, परंतु अंगात घालून त्यात बसता-उठता येणे कठीण होते. खरा उद्योग त्यानंतर चाळीसएक वर्षांनी सुरू झाला. अमेरिकेतील ओवेन्स-इलिनॉय आणि कॉर्निंग या दोन काचकंपन्यांनी १९३८ साली ओवेन्स-कॉर्निंग फायबरग्लास ही कंपनी काढली आणि काचेचा धागा नवलाईचा न राहता वखारीत रचण्याचा माल झाला.

हा धागा होतो कसा, ते थोडक्यात सांगितले पाहिजे. कारण त्याच्या भावाचे मूळ त्यातच आहे. सिलिकाची वाळू, चुनखडी, चिनी माती आणि काही खनिजे एकत्र करून सुमारे १४०० अंश सेल्सिअसच्या भट्टीत वितळवतात. त्या रसाला प्लॅटिनम आणि ऱ्होडियम या मोलाच्या धातूंच्या चाळणीतून खाली सोडतात. एकेका चाळणीला शेकडो, कधी हजारो, बारीक छिद्रे असतात. प्रत्येक छिद्रातून काचेची एक धार येते आणि खालचे फिरते चाक ती इतक्या वेगाने ओढते की तिचा व्यास ९ ते २४ मायक्रॉनवर येतो. आपला केस साधारण ७० मायक्रॉनचा. लगेच त्या तंतूंना एक लेप लावतात आणि त्यांचा जुडगा गुंडाळून घेतात. या जुडग्याला धंद्यात ‘रोव्हिंग’ म्हणतात. रोव्हिंगचे तुकडे करून ते पसरून चिकटवले की ‘मॅट’ होते. मागावर विणले की ‘वोव्हन रोव्हिंग’. आणि पिळदार बारीक सूत करून विणले की खरे काचकापड.

आता भावाचे पहिले गमक पाहा. ही भट्टी एकदा पेटली की वर्षानुवर्षे विझवता येत नाही. ती थंड केली तर आतील रस गोठतो, विटा तडकतात आणि भट्टी जवळजवळ नव्याने बांधावी लागते. आपल्याकडे कांदा आणि द्राक्ष यांत जो फरक आहे तोच येथे आहे. कांद्याला भाव नसला तर शेतकरी तो काही दिवस चाळीत ठेवू शकतो. द्राक्ष वेलीवर थांबत नाही. काचतंतूचा माल कांद्यासारखा, वर्षभर ठेवला तरी नासत नाही. पण त्याची भट्टी द्राक्षासारखी, ती थांबत नाही. गिऱ्हाईक असो वा नसो, ती माल ओततच राहते. म्हणून मागणी पडली की भट्टीवाला उत्पादन कमी करत नाही, भाव कमी करतो; आणि तो भाव आपल्या देशात पडू नये म्हणून माल परदेशात नेऊन ओततो.

दुसरे गमक भट्टीच्या आकाराचे. आजची मोठी भट्टी वर्षाला काही दहा हजार टन, कधी लाख टनांपर्यंत, माल देते. त्याहून लहान भट्टी परवडत नाही. म्हणजे ज्या देशाची गरज एवढी नाही, त्याला भट्टीच घालता येत नाही. आमच्या श्रीलंकेतील शेजाऱ्यांकडे फायबरच्या होड्यांचा उद्योग मोठा आहे, पण त्यासाठी लागणारा काचतंतू बाहेरून आणावा लागतो. या बाजारात देश लहान की मोठा हे नकाशावरून ठरत नाही. ज्याच्या हाती भट्टी नाही आणि ज्याची खरेदी एका जहाजी पेटीहूनही कमी आहे, तो लहान देश. या मापाने भारत मोठा देश आहे, परंतु अंबडच्या मागच्या गल्लीत दोन साचे आणि चार गडी घेऊन बसलेला फायबरवाला हा स्वतःच एक लहान देश आहे. आजचे आमचे सांगणे या लहान देशाविषयी आहे.

आपल्या मराठी मुलुखात भट्ट्या नाहीत असे नाही. गेल्या शतकाच्या साठीच्या दशकात ठाण्याला फायबरग्लास पिल्किंग्टनने काचतंतूंचा उद्योग आणला. पुढे ओवेन्स कॉर्निंगने पनवेलजवळ तळोज्याला कारखाना घातला. गोव्यात बार्देशातील कोलवाळला गोवा ग्लास फायबर उभी राहिली. गोव्यासारख्या चिमुकल्या प्रदेशात भट्टी आहे, याचे नवल वाटेल. पण ती भट्टी गोव्यासाठी नाही. ती सगळ्या देशासाठी आणि परदेशासाठी आहे. भट्टी शेजारी असली म्हणून कारागिराला माल तिच्या दारात मिळत नाही, कारण भट्टी ट्रक भरून विकते आणि कारागीर चार बंडले घेतो. मालकीचे हातही आता सातासमुद्रांपलीकडे पोचलेले असतात. गोवा ग्लास फायबर ज्यांच्याकडे होती त्या बिनानी समूहाने २०१२ साली बेल्जियममधील थ्री-बी ही काचतंतू कंपनी विकत घेतली. २०२५ च्या फेब्रुवारीत ओवेन्स कॉर्निंगने आपला काचतंतूंचा जागतिक व्यवसाय प्राणा या समूहाला विकण्याचा करार जाहीर केला. तात्पर्य, अशा धंद्यात भाव गावात ठरत नाही, तो जगात ठरतो.

जगात तो ठरवणारा सर्वांत मोठा हात आज चीनचा आहे. जगातील निम्म्याहून अधिक काचतंतू तेथे निघतो. भट्ट्या थांबत नाहीत हे आपण पाहिले. तेव्हा त्यांचा माल स्वस्तात इतरत्र जाणार हे ओघानेच आले. आपल्या सरकारने २०१० साली चिनी काचतंतूवर तात्पुरते अँटी-डंपिंग शुल्क बसवले, २०११ साली ते कायम केले आणि २०१६ साली आणखी पाच वर्षांसाठी वाढवले. डंपिंग म्हणजे आपल्या घरच्या भावापेक्षा कमी भावाने दुसऱ्याच्या अंगणात माल ओतणे. त्यावर शुल्क बसवण्यात गैर काही नाही. देशी भट्टी बुडाली की मग परदेशी भट्टीवाला हवा तो भाव लावील, हा धोका खराच असतो.

पण या शुल्कात एक बारकावा होता आणि मालेगावच्या मंडळींनी तो कान देऊन ऐकावा. शुल्क रोव्हिंग आणि मॅट यांवर होते. काचेचे सूत, विणलेले काचकापड आणि वोव्हन रोव्हिंग हे त्यातून वगळलेले होते. याचा अर्थ काय होतो? आपला विणकर परदेशी रोव्हिंग घेऊ लागला तर त्याला शुल्क भरावे लागे. आणि तेच रोव्हिंग परदेशी मागावर विणून कापड होऊन आले तर त्या कापडावर हे शुल्क नव्हते. धागा महाग करून कापड मोकळे सोडले की मार मागाला बसतो. आयात सुताला कर आणि आयात कापडाला वाट, या व्यवस्थेत यंत्रमागाचे काय होते, हे आम्ही मालेगावकरांना सांगण्याची गरज नाही. वगळण्याला कारणेही असतील. शुल्क मागणाऱ्या भट्टीवाल्यांचा माल रोव्हिंग आणि मॅट हाच होता; दुसऱ्याच्या मालासाठी ते कशाला भांडतील? जो दरबारात उभा राहतो, त्याचीच दाद लागते. विणकर उभा राहिला नाही, आणि आमचा गल्लीतला फायबरवाला तर असा काही दरबार असतो हेच जाणत नव्हता.

युरोपची गोष्ट याच संदर्भात बोधप्रद आहे. तेथे २०११ साली चिनी काचतंतूवर आणि जाळीदार काचकापडावर शुल्क बसले. जाळीदार कापड म्हणजे घरांच्या भिंतींवर गिलाव्याखाली लावतात ते. शुल्क बसताच माल आडवाटांनी येऊ लागला. मलेशिया, तैवान, थायलंड यांच्या नावाने आलेल्या मालावर ते शुल्क लागू करावे लागले आणि २०१३ च्या डिसेंबरात भारत व इंडोनेशिया यांच्याकडून येणाऱ्या जाळीवरही ते लागू झाले. म्हणजे कोणाच्या तरी आडवाटेमुळे प्रामाणिक भारतीय विणकरालाही आपण स्वतः विणतो हे युरोपला पुराव्यानिशी पटवावे लागले. पुढे काचतंतू महाग झाल्यावर तेथेही विणलेले कापडच बाहेरून येऊ लागले. तेव्हा २०२० साली युरोपने चीनच्या आणि इजिप्तच्या विणलेल्या व शिवलेल्या काचकापडावर शुल्क बसवले. इजिप्तचे नाव कसे आले? सुएझच्या औद्योगिक क्षेत्रात चिनी मालकीचे कारखाने निघाले होते. चीनचे साहाय्य इजिप्तच्या भूमीवर खर्च झाले तरी ते साहाय्यच, असा युरोपचा दावा होता आणि २०२४ च्या नोव्हेंबरात तेथील सर्वोच्च न्यायालयाने तो मान्य केला. धाग्यावर कर बसवला तर कापडाचा विचार करावाच लागतो, हे युरोपला कळायला नऊ वर्षे लागली.

असो. राज्यकर्त्यांनी काय करावे हे सांगणे सोपे असते. आपल्या हाती काय आहे, ते आता पाहू. बंदरातून माल भिवंडी-मुंबईच्या वखारीत येतो आणि तेथून नाशिकला. मॅटचे एक बंडल साधारण तीस किलोचे असते. ‘चारशे पन्नासची मॅट’ म्हणजे ज्या मॅटचा एक चौरस मीटर तुकडा ४५० ग्रॅम भरतो ती. मीटरभर पन्न्याचे तीस किलोचे बंडल उलगडले तर सुमारे सहासष्ट मीटर भरले पाहिजे. हे गणित पाचवीतल्या मुलाला येते. परंतु हे गणित घालून बंडल घेणारे गिऱ्हाईक विरळा. कोणी किलोने भाव सांगतो, कोणी मीटरने, कोणी बंडलाने. समजा, एकाने किलोला १०० रुपये सांगितले आणि दुसऱ्याने मीटरला ४५. दोन्ही भाव सारखेच दिसतात आणि मॅट खरोखर ४५० ची असेल तर ते सारखे आहेतच. पण मीटरने घेतलेली मॅट वजनात ४०० च भरली, तर किलोला पडले साडेबाराशे पैसे जास्त, म्हणजे ११२ रुपये ५० पैसे. हे आकडे आम्ही केवळ हिशेबाच्या सोयीसाठी घेतले आहेत. पण अशी तफावत डोळ्यांना दिसत नाही, ती तराजूलाच दिसते.

बारीक कापडाचा किलोचा भाव जाड कापडापेक्षा पुष्कळ जास्त का, असाही प्रश्न विचारला जातो. काच तर तीच! त्याचे उत्तर पैठणीच्या गावाला माहीत आहे. तंतू जितका बारीक ओढावा तितके त्या प्लॅटिनमच्या चाळणीतून तासाला वजन कमी निघते. आणि सूत बारीक झाले की तेवढ्याच वजनासाठी माग जास्त वेळ चालतो. शिवाय विणताना काचेचे सूत घासून तुटू नये म्हणून त्याला खळ लावतात. विणून झाल्यावर ती खळ भट्टीत जाळून काढावी लागते आणि राळ धरून ठेवणारा निराळा लेप द्यावा लागतो. हा लेप नसला तर कापड दिसायला तसेच दिसते, पण ओलाव्याने काच आणि राळ एकमेकांपासून सुटू लागतात. तेव्हा किलोचा भाव कमी दिसला की, कोणता लेप आहे, कोणत्या राळेसाठी आहे, हे विचारल्यावाचून आनंद मानू नये.

याहून मोठी फसगत राळेच्या हिशेबात होते. मॅट स्वस्त आणि वोव्हन रोव्हिंग महाग, म्हणून मॅटच वापरावी, असे अनेकांना वाटते. पण मॅट आपल्या वजनाच्या सव्वादोनपट राळ पिते. वोव्हन रोव्हिंग साधारण आपल्या वजनाएवढीच पिते. म्हणून भाव काचेचा न पाहता भिंतीचा पाहावा. नुसते कापड विकत घेऊन कोणी टाकी बांधत नाही.

आता गिऱ्हाइकाकडे वळू, कारण या सभेत फायबरवाले थोडे आणि गिऱ्हाईक सगळेच. एक टाकी घ्या, जिच्या भिंतींचे क्षेत्रफळ दहा चौरस मीटर आहे. तिला ४५० च्या मॅटचे चार थर दिले तर काच लागते अठरा किलो आणि राळ सुमारे चाळीस किलो. भिंत होते साधारण चार मिलिमीटरची. त्याच चार थरांना ३०० ची मॅट वापरली तर काच बारा किलो आणि राळ सत्तावीस किलो. जवळजवळ वीस किलो माल वाचला. थर चारच, टाकी तेवढीच, बाहेरचा रंग तसाच चकचकीत. गिऱ्हाइकाने ‘चार थर’ विचारले, कारागिराने ‘चार थर’ सांगितले. खोटे कोणीच बोलले नाही. परंतु भिंत चारची पावणेतीन मिलिमीटर झाली आणि वाकण्याला विरोध करण्याचे तिचे बळ एक तृतीयांशापेक्षाही कमी राहिले. कारण ते बळ जाडीच्या घनाच्या प्रमाणात असते. पाण्याची टाकी असली तर ती फुगेल, गळेल. आम्लाची असली तर? खाली उभ्या असलेल्या कामगाराचे काय होईल, ते आम्ही सांगायला नको.

अशा टाकीबद्दल कारागिराला शिव्या देणे सोपे आहे. त्याची बाजूही ऐकली पाहिजे. दरपत्रके मागवली जातात आणि सर्वांत कमी आकडा पास होतो. दरपत्रकात थर लिहिलेले असतात, ग्रॅम लिहिलेले नसतात. प्रामाणिक कारागीर अठरा किलो काच धरून आकडा लिहितो, शेजारचा बारा किलो धरून. काम कोणाला मिळेल? पहिल्या वर्षी प्रामाणिक कारागीर काम गमावतो, दुसऱ्या वर्षी गडी कमी करतो आणि तिसऱ्या वर्षी एकतर दुकान बंद करतो किंवा तोही बारा किलोवर येतो. त्यातच तो दहा बंडले घेणारा असल्यामुळे त्याला माल महाग पडतो, उधारीचे व्याज भावातच मिसळलेले असते आणि त्याची करनोंदणी नसली तर खरेदीवर भरलेला वस्तू व सेवा कर त्याला परतही मिळत नाही. २०२१ साली जहाजांची भाडी कित्येक पटींनी चढली, तेव्हा मोठ्या कारखान्यांजवळ वर्षाचे करार होते. लहान माणसाजवळ फक्त त्या दिवसाचा भाव होता. लहान देशाला जगाच्या बाजारात जे सोसावे लागते, ते त्याला गल्लीत सोसावे लागते.

मग उपाय काय? आम्हाला तीन दिसतात, आणि तिन्ही नाशिककरांच्या आवाक्यातले आहेत.

पहिला उपाय ग्रॅमचा. फायबरची कोणतीही वस्तू घेताना दरपत्रकात काचेचे वजन दर चौरस मीटरला किती, हे लिहून मागावे. पंचायत असो, नगरपालिका असो, शाळा असो की कारखाना असो, ‘चार थर’ या शब्दांवर सही करू नये. आणि लिहिलेले खरे की खोटे हे तपासण्याची युक्ती कठीण नाही. टाकीला नळासाठी भोक पाडतात, तेव्हा जी चकती निघते ती जपून ठेवावी. तिचे वजन करावे, प्रयोगशाळेच्या भट्टीत सुमारे ६०० अंशांवर तिच्यातील राळ जाळून टाकावी आणि उरलेली काच पुन्हा तोलावी. राळ जळते, काच राहते. किती ग्रॅम काच घातली याची साक्ष ती काचच देते. अभियांत्रिकी महाविद्यालये असलेल्या शहराला ही भट्टी दुर्मीळ नाही.

दुसरा उपाय एकत्र खरेदीचा. द्राक्षबागायतदारांच्या सहकारी संस्था १९९१ साली महाग्रेप्सच्या रूपाने एकत्र आल्या, तेव्हा एकट्या शेतकऱ्याला न परवडणारी युरोपची वाट त्यांनी मिळून धरली. विकण्यासाठी जे साधले ते घेण्यासाठी का साधू नये? वीस फायबरवाले एकत्र आले तर ट्रकभर माल होतो. आणि ट्रकभर माल घेणाऱ्याशी भट्टीवाला बोलतो. मॅट नासत नाही. कोरड्या खोलीत नीट ठेवली तर पुरते. राळ मात्र फार दिवस टिकत नाही, म्हणून तिची एकत्र खरेदी बेताने करावी. उधारी कोणाची किती, यावरून अशा मंडळ्या मोडतात, हे आम्ही जाणतो. म्हणून पहिला नियम रोखीचा ठेवावा.

तिसरा उपाय उघड भावाचा आणि आमच्या मते हाच सर्वांत महत्त्वाचा. लासलगावचा शेतकरी गरीब असेल, त्याला भाव कमीही मिळत असेल. पण भाव काय आहे हे त्याला कळते, म्हणून त्याला भांडता येते, रस्त्यावर उतरता येते, सरकारला जाब विचारता येतो. काचकापडाला लासलगाव नाही. प्रत्येकाला निराळा भाव, निराळ्या मापाने, कानात सांगितला जातो. निमा किंवा आयमा यांच्यासारख्या आपल्या उद्योजक संघटनांनी महिन्यातून एकदा एक पाटी लावली तरी पुरे: ३०० ची मॅट, ४५० ची मॅट, ६०० चे वोव्हन रोव्हिंग, दोनशेचे कापड, किलोचा भाव, रोखीने, नाशिक पोच. चार ओळींची पाटी. तिने चीनच्या भट्ट्या थांबणार नाहीत, पण गल्लीतला लहान माणूस आंधळा राहणार नाही. आणि उद्या दिल्लीत पुन्हा शुल्काची सुनावणी झाली तर या पाटीचे तीन वर्षांचे आकडे घेऊन त्याच्या वतीने कोणी तरी उभा राहू शकेल.

श्रोतेहो, काच पारदर्शक असते, पण तिचा बाजार तसा नाही. काचेला पारदर्शक करायला १४०० अंशांची उष्णता लागते. बाजाराला पारदर्शक करायला तराजू, वही आणि चार माणसांचे एकमत एवढेच लागते. यातले पहिले दोन बाजारात मिळतात. तिसरे आपल्यालाच विणावे लागेल, आणि विणण्याची कला या जिल्ह्याला नवी नाही.